शाहिरी विनोद आणि ध्वनिमुद्रिका : शाहीर साबळे यांच्या मुक्तनाट्याचा ऐतिहासिक विचार

प्रस्तावना

शाहीर कृष्णराव साबळे (१९२३-२०१५) यांचे महाराष्ट्राच्या सांस्कृतिक इतिहासातील स्थान प्रामुख्याने 'गर्जा महाराष्ट्र माझा' या गीताने निश्चित केले आहे. राजा बढे यांचे शब्द, श्रीनिवास खळे यांचे संगीत आणि साबळे यांचा आवाज लाभलेले हे गीत १९ फेब्रुवारी २०२३ पासून राज्यगीत झाले. तथापि, या गौरवामुळे अभिमानगीत गाणारे साबळे लोकांच्या स्मरणात राहिले आणि सत्तेला हसणारे साबळे काहीसे झाकोळले गेले. असे का घडले, याचे एक कारण ध्वनिमुद्रण या माध्यमाच्या स्वरूपात सापडते. प्रस्तुत लेखात त्याचाच विचार केला आहे.

पार्श्वभूमी

१९४० च्या दशकाच्या अखेरीस मुंबई सरकारने तमाशावर बंदी घातली. तेव्हा वारणा खोऱ्यातील वाटेगावचे सुपुत्र अण्णाभाऊ साठे यांनी तमाशाला 'लोकनाट्य' हे नाव देऊन त्याचा राजकीय आशय टिकवून ठेवला. १९४४ मध्ये स्थापन झालेल्या लाल बावटा कलापथकात अमर शेख आणि द. ना. गवाणकर हे त्यांचे सहकारी होते. वाई तालुक्यातील पसरणीचे साबळे साने गुरुजींच्या संस्कारातून घडले. त्यांची वैचारिक वाट वेगळी होती. परंतु करमणूक आणि प्रबोधन यांची फारकत करायची नाही, हा आग्रह दोन्हीकडे समान होता.

मुक्तनाट्यातील विनोद

'इंद्राच्या दरबारात तमासगीर', 'यमराज्यात एक रात्र' ही नावेच साबळे यांची पद्धत सांगतात. प्रेक्षकांच्या परिचयाची पौराणिक चौकट घ्यायची आणि तिच्यात आजचा माणूस उभा करायचा, की देवांच्या दरबारातही मंत्रालयाचा कारभार दिसू लागतो. १९६६ च्या सुमारास रंगभूमीवर आलेल्या 'आंधळं दळतंय' या मुक्तनाट्याचे शीर्षक एका प्रचलित म्हणीचा पूर्वार्ध आहे. कष्ट एकाचे आणि लाभ दुसऱ्याचा, हा त्या म्हणीचा अर्थ मुंबईतील मराठी माणसाच्या स्थितीला लावलेला होता. १९ जून १९६६ रोजी शिवसेनेची स्थापना झाली. त्या काळातील अस्वस्थता समजून घेण्यासाठी हे मुक्तनाट्य महत्त्वाचे साधन ठरते.

या विनोदाचा गाभा बतावणीत असतो. सोंगाड्या त्या दिवशीची बातमी, त्या गावचा पुढारी, समोरचा प्रेक्षक यांना संवादात ओढतो. त्यामुळे संहिता एकच असली तरी प्रत्येक प्रयोग निराळा होतो. हसणारा प्रेक्षक हाही प्रयोगाचाच एक भाग असतो.

तबकडीची चौकट

७८ फेऱ्यांच्या तबकडीच्या एका बाजूवर सुमारे तीन ते साडेतीन मिनिटांचे मुद्रण मावत असे. दोन-अडीच तासांच्या मुक्तनाट्यातून तिच्यावर जाऊ शकत होते ते केवळ गाणे. पुढे दीर्घ तबकडी आणि ध्वनिफीत आली, वेळेची अडचण सैल झाली. पण प्रेक्षकांची अनुपस्थिती कायम राहिली. शिवाय बातमीवर उभा असलेला विनोद तबकडी बाजारात येईपर्यंत शिळा होण्याचा धोका होताच.

याच कारणाने साबळे यांनी गायिलेली संत एकनाथांची भारुडे, उदाहरणार्थ 'विंचू चावला', मुद्रणात अधिक टिकली. भारुडातही सोंग आहे, टोला आहे. मात्र तो काम-क्रोधावर, म्हणजे सर्वकालीन मानवी दोषांवर आहे. त्याचा संदर्भ वर्षभरात विरून जात नाही. सोळाव्या शतकातील उपहास तबकडीवर सुरक्षित राहिला आणि १९६६ मधील उपहास मात्र बहुतांशी आठवणींत उरला, असा हा विरोधाभास आहे.

तुलनात्मक दृष्टी

पाश्चात्त्य पंक रॉकचा अनुभव याच्या उलट आहे. १९७६ मध्ये निघालेल्या रामोन्स या अमेरिकन वाद्यवृंदाच्या पहिल्या अल्बममध्ये अर्ध्या तासाच्या आत १४ गाणी होती. १९७९ मध्ये इंग्लंडमधील संडरलँड येथे स्थापन झालेल्या टॉय डॉल्स या वाद्यवृंदाने तर विनोद हीच आपली ओळख केली. तेथे उपहास गाण्याच्या शब्दांतच बांधलेला असल्यामुळे अल्बम हाच त्याचा दस्तऐवज ठरला. शाहिरी परंपरेत उपहास दोन गाण्यांच्या मधल्या जागेत राहतो, आणि मुद्रणाने नेमकी तीच जागा गाळली.

समारोप

यावरून असे म्हणता येईल की, उपलब्ध ध्वनिमुद्रिका हे शाहिरी परंपरेचे अपूर्ण साधन आहे. केवळ त्यांच्या आधारे इतिहास लिहिल्यास शाहीर हा गौरवगायक एवढाच उरेल आणि सत्ताधाऱ्यांना प्रश्न विचारणारा लोकशिक्षक नजरेआड होईल. साबळे यांचे 'माझा पवाडा' हे आत्मचरित्र, संहिता, वृत्तपत्रीय परीक्षणे आणि सहकलावंतांच्या मुलाखती यांची जोड देणे म्हणूनच आवश्यक आहे. पश्चिम महाराष्ट्रातील यात्रा-जत्रांतून वग, बतावणी आणि सोंगी भजन पाहिलेली पिढी आज वार्धक्यात आहे. इतिहास, मराठी आणि समाजशास्त्र विभागांनी एकत्रितपणे त्यांच्या मौखिक आठवणींचे संकलन केले, तर तबकडीने गाळलेला हा मजकूर काही अंशी तरी परत मिळू शकेल. हे काम पुढच्या पिढीवर सोपविता येणार नाही. कारण तिला विचारण्यासाठी साक्षीदारच उरणार नाहीत.