पाणी ओसरल्यानंतर

पूर आला म्हणजे त्याची नोंद होते. पाऊस किती पडला, माणसे किती दगावली, कोणता पूल खचला, हे सरकारी दप्तरांत व वृत्तपत्रांत उतरते आणि पुढे इतिहासकारांस सापडते. परंतु पाणी ओसरल्यानंतर दुकानाचे दार उघडून जो मनुष्य घोटाभर चिखलात उभा राहतो, त्याच्यापुढे पडलेल्या कामाची नोंद सहसा कोणी ठेवीत नाही. वास्तविक पेठ पुन्हा उभी राहते ती याच कामाने. नागपुरातील एका अलीकडच्या पुराच्या निमित्ताने या दुर्लक्षित कामाचा विचार करावा, असे आम्ही योजिले आहे.

प्रथम हे पाणी कोठून आले, हे पाहणे अवश्य आहे. नागपूरला नाव दिले ते नाग नदीने. ही लहानशी नदी शहराच्या पश्चिमेकडील टेकड्यांत उगम पावून अंबाझरी तलावाच्या वाटेने शहरात शिरते आणि ऐन वस्तीतून पूर्वेकडे जाते. गोंड राजा बख्तबुलंद याने इ. स. १७०२ च्या सुमारास नगर वसविले. त्याच्यामागून आलेल्या चांद सुलतानाने एक ओढा अडवून जुम्मा तलाव केला. भोसल्यांच्या काळी अंबाझरीचा बांध झाला आणि इंग्रजी अमलात, इ. स. १८७० च्या आसपास, तो उंच करून शहरास पाणी देण्याची योजना पार पडली. पुढे अन्य ठिकाणांहून पाणी आले आणि अंबाझरीचा तो मान गेला. तलाव मात्र शहराच्या डोक्यावर तसाच राहिला. ज्या जलाशयाकडे नागपूरकर आशेने पाहत असे, तो कालांतराने सायंकाळच्या फेरफटक्याची जागा झाला, आणि तलावास सांडवा असतो व सांडव्याखाली पाण्यास वाट लागते, हे विस्मृतीत गेले.

सखल जागा भरून घेण्याची हौसही या शहरास जुनीच आहे. इ. स. १८७७ मध्ये जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल सुरू झाली, ती रेल्वे स्थानकाजवळच्या दलदलीत भर घालून मिळविलेल्या जागेवर. अशी आख्यायिका आहे की, भांडवल देण्यास आधी नकार देणाऱ्या एका सावकाराने मागाहून कबूल केले, की टाटांनी जमिनीत माती घातली आणि सोने काढले. हा किस्सा आम्ही सारे कौतुकाने सांगतो. मात्र भर घातल्याने पाणी नाहीसे होत नाही, ते शेजारच्या खोलगट जागेकडे वळते, एवढे त्यात सांगावयाचे राहून जाते.

दिनांक २२ सप्टेंबर २०२३ रोजी ज्येष्ठा गौरींचे पूजन होते. विदर्भात त्यांस महालक्ष्म्या म्हणतात, हे वाचक जाणतातच. महालक्ष्म्यांचे जेवण आटोपून घरे निजली आणि मध्यरात्रीनंतर मेघ फुटल्यासारखा पाऊस सुरू झाला. काही तासांतच शंभर मिलिमीटरांहून अधिक पाणी पडले. अंबाझरी भरून वाहू लागली. नाग नदी पात्र सोडून वस्तीत शिरली. अंबाझरी ले-आऊट, डागा ले-आऊट, शंकरनगर, धरमपेठ, सीताबर्डी या भागांत पाणी घुसले. मोरभवनच्या स्थानकात उभ्या असलेल्या बसगाड्या पाण्यात बुडाल्या. लष्कराची पथके बोलवावी लागली. माणसे दगावली. सकाळी पाणी उतरू लागले, तेव्हा नागपूरकर ज्यास नुसते ‘बर्डी’ म्हणतो, त्या पेठेतील तळघरे मात्र भरलेलीच होती. दिवाळी दीड महिन्यावर होती. पेठांतून सणासुदीचा माल भरण्याचे हे दिवस.

दुकान धुवून काढले म्हणजे झाले, असे बाहेरच्यास वाटते. प्रत्यक्षात या कामास क्रम आहे आणि तो चुकला तर नुकसान दुप्पट होते. आधी वीज तोडली पाहिजे. मग पाणी उपसावयाचे. परंतु चिखल ओला आहे तोवरच काढावयाचा, कारण वाळला की तो फरशीस व फळ्यांस दगडासारखा धरतो. हे पाणी केवळ पावसाचे नसते. त्यात गटारांचे पाणी मिसळलेले असते. म्हणून हातमोजे व बूट हवेत, आणि धुण्यानंतर ब्लीचिंग पावडर हवी. भिंत खालून पाणी शोषते व ओल वर चढवीत नेते; अशा भिंतीस घाईने रंग दिला, तर तो दोन-चार महिन्यांत पापुद्र्यांनी सुटतो.

मग माल निवडणे. धान्य भिजले की फुगते, एक-दोन दिवसांत त्यास वास येऊ लागतो. ते टाकलेच पाहिजे. औषधांच्या दुकानात तर विचारास जागाच नाही. कापड स्वच्छ पाण्यात चिखल निघेपर्यंत धुवून सावलीत वाळविले तर काही वाचते. मात्र एका ठाणाचा रंग दुसऱ्यास लागला की दोन्ही गेली. पुस्तके व वह्या भिजल्या, तर पाने ओढून उघडू नयेत; मध्ये कोरा कागद घालून वाऱ्यावर ठेवावीत. दोन दिवस गेले की बुरशी धरते. इटलीतील फ्लॉरेन्स शहरात ४ नोव्हेंबर १९६६ रोजी आर्नो नदीचा पूर राष्ट्रीय ग्रंथालयात शिरला, तेव्हा देशोदेशींच्या तरुणांनी हातोहात ग्रंथ बाहेर काढले, आणि भिजलेला कागद वाचविण्याचे आधुनिक शास्त्र पुष्कळसे त्या चिखलातून उभे राहिले. त्याच पुरात शेकडो दुकानेही बुडाली होती; त्यांची कथा मात्र फारशी कोणी सांगत नाही.

या निवडीत एक नैतिक प्रश्न दडलेला असतो. भिजलेले धान्य वाळवून चांगल्यात मिसळता येते. फुगलेल्या डब्याचे लेबल बदलता येते. सरकारने त्या पुरानंतर दुकानांस पन्नास हजार रुपयांपर्यंत साहाय्य जाहीर केले होते. ज्याचा लाखोंचा माल गेला, त्यास ते कितपत पुरणार? विमा असेल तर विमा कंपनीचा माणूस पाहणी करीपर्यंत माल हलवू नये असे वाटते, आणि चिखल तर म्हणतो की आत्ताच हलवा. अशा कोंडीत सापडलेला दुकानदार जेव्हा सडलेली पोती उकिरड्यावर पाठवितो, तेव्हा तो आपली पत राखीत असतो, आणि शहराचे आरोग्यही. त्याच्या या कृत्याचा पंचनामा होत नाही.

पुण्याचे उदाहरण येथे आठवते. १२ जुलै १९६१ रोजी पानशेत व खडकवासला ही दोन्ही धरणे फुटली आणि मुठेकाठच्या पेठा बुडाल्या. धरणच रिकामे झाल्यामुळे नळ कोरडे पडले. घरे-दुकाने गाळाने भरलेली, आणि तो धुवावयास पाणी नाही, अशी विलक्षण अवस्था झाली. जुन्या विहिरी त्या वेळी कामास आल्या. शिवाय अशा वेळी कीर्द-खतावण्या भिजल्या की उधारी कोणाकडे किती, हे ग्राहकाच्या सचोटीवरच राहते. आज हिशेब संगणकात असतो. पण तो संगणकही पुष्कळदा तळघरातच असतो.

नागपूरच्या पुरानंतर अंबाझरीच्या सांडव्याजवळील पुतळा व नदीचे पात्र अरुंद करणारी बांधकामे, हा प्रश्न नागरिकांनी उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढे नेला. हे योग्यच झाले. तळघरातील गाळ उपसणे हे दुकानदाराचे काम. पाण्याची वाट मोकळी ठेवणे हे शहराचे. दुसरे काम राहिले, तर पहिले पुन्हा पुन्हा करावे लागेल.

आमची एक लहानशी सूचना आहे. पाणी उतरल्यावर दुकानाच्या भिंतीवर त्याची मातकट रेघ राहते. रंगारी आला की प्रथम ती पुसली जाते. ती जेथे होती तेथे एखादी बारीक खूण करून खाली तारीख घालावी. पुढे कोणी ते तळघर मालासाठी भाड्याने घेण्यास येईल, तेव्हा त्यास ती खूण दिसेल, आणि सर्वांत खालची फळी किती उंचीवर ठोकावी, हे त्यास कोणास विचारावे लागणार नाही.