रक्तसाक्षी : एका शब्दाचा इतिहास

बारामती वा इंदापूरच्या न्यायालयात साक्षीदार म्हणजे पाहिलेले सांगणारा. ग्रीक ‘मार्तुस्’चा मूलार्थही हाच होय. इ. स. ११२ च्या सुमारास रोमन शासक प्लिनी ख्रिस्ती आरोपींना तीनदा विचारी; ठाम राहिलेल्यांपैकी रोमचे नागरिक नसलेल्यांना देहदंड देई. अशा खटल्यांत साक्ष हेच मरण ठरले आणि दुसऱ्या शतकात शब्दाचा अर्थ पालटला. ठाण्यात १३२१ साली, ओदोरिकच्या वृत्तान्तानुसार, एका गृहकलहाच्या फिर्यादीत फ्रान्सिस्कन साधूंचे नाव साक्षीदार म्हणून निघाले. काझीने प्रश्न मात्र धर्माविषयी केले. अखेर चौघे मारले गेले. ‘हुतात्मा’ या शब्दात आहुती दिसते, साक्ष दिसत नाही. मराठी ख्रिस्तीजनांच्या ‘रक्तसाक्षी’ने ती जपली आहे.