मखरातली आजी

आमच्या सिहोऱ्यास दिवाळी सरली की मंडईचे वेध लागतात. लेकी माहेरी येतात आणि रात्री ओसरीवर जुन्या गोष्टी निघतात. आजीची गोष्ट मी अशाच एका रात्री ऐकली.

तिचे लग्न १९३० च्या मार्चमध्ये, वयाच्या नवव्या वर्षी झाले. घाईचे कारण शारदा कायदा. लहानपणी मला वाटे, देवलांच्या नाटकातल्या शारदेवरूनच हे नाव पडले असावे. वस्तुतः १९२९ चा हा कायदा हरविलास सारडा यांच्या नावाचा. १ एप्रिल १९३० पासून मुलगी चौदा वर्षांची आणि मुलगा अठराचा झाल्याखेरीज लग्न लावणे गुन्हा ठरणार होते. त्याआधी उरकून घ्यावे म्हणून देशभर मांडव पडले. त्यातलाच एक आजीचा.

पुढेही कायद्याचा धाक बेताचाच राहिला. कैद फार तर एक महिना. शिवाय कोणी फिर्याद केल्यावाचून कोर्ट दखल घेत नसे, आणि लागलेले लग्न कायमच राही. गावात भावकीविरुद्ध फिर्याद करणार कोण?

तेराव्या वर्षी आजीला न्हाण आले. केळीचे खांब लावून मखर सजले, हिरवे लुगडे नेसवून तिला आत बसवले, बायकांनी ओटी भरून गाणी म्हटली. "गौरीसारखी मिरवले गं," आजी म्हणाली. मग थोडे थांबून, "चौथ्या दिवशी माझी भातुकली धाकटीला देऊन टाकली." पाठोपाठ सासरची पाठवणी झाली.

माझी वेळ आली तेव्हा काकू मखराची तयारी करू लागल्या. आजीने त्यांना थांबवले. गोडाचे जेवण मात्र तिने स्वतः रांधले, आणि पाचव्या दिवशी माझे दप्तर माझ्या हाती देऊन मला शाळेच्या वाटेला लावले.

१९७८ साली कायद्याने मुलीचे वय अठरा केले. मला वाटे, हे असले झगडे आपल्याच नशिबी. पण जपानसारख्या पुढारलेल्या देशातही मुलीचे लग्नाचे वय सोळाचे अठरा झाले ते थेट २०२२ साली. तारीख पुन्हा १ एप्रिलच!

परवा मंडईत नातीसाठी भातुकली घेतली. दुकानदाराने विचारले, "केवढी आहे पोर?"

"नऊ वर्षांची," मी म्हटले, आणि आजी आठवली.