आयरिश कूळहक्क व खंडवाढीचा प्रश्न

आयर्लंडमध्ये एकोणिसाव्या शतकात जमीनमालक आणि कुळे यांच्यात उद्भवलेला दीर्घकालीन संघर्ष. कुळाने स्वतःच्या श्रमाने वा पैशाने जमिनीत सुधारणा केल्यावर वाढलेल्या उत्पन्नावर मालकाला अधिक खंड आकारता येतो काय, हा या संघर्षातील मध्यवर्ती प्रश्न होता.

पार्श्वभूमी : इंग्लंडमध्ये शेतघर, गोठे, कुंपण व निचऱ्याचे चर ही कामे सामान्यतः मालक करी आणि सज्ज शेत कुळाला देई. आयर्लंडमध्ये याच्या उलट स्थिती होती. बहुतेक ठिकाणी मालक केवळ उघडी जमीन देई. धोंडे वेचणे, दलदल आटवणे, चुना घालून माती सुधारणे व राहण्यापुरते घर बांधणे ही सर्व कामे कुळाकडे असत. बहुसंख्य कुळांकडे लेखी पट्टा नसे. त्यांची वहिवाट सालोसाल चाले आणि योग्य मुदतीची सूचना देऊन ती संपुष्टात आणता येई. जमिनीशी कायम जोडलेली वस्तू जमिनीच्या मालकाची, हे कायद्याचे मूळ तत्त्व असल्याने कूळ निघून गेल्यास त्याने बांधलेले घरही मालकाकडे जाई. परिणामी सुधारणा करणाऱ्या कुळापुढे दोन धोके असत : वाढीव खंड आणि निष्कासन. हे धोके प्रत्यक्षात किती वेळा ओढवले यापेक्षा त्यांची सततची भीतीच सुधारणेला मारक ठरे.

अल्स्टर प्रांतात मात्र वेगळी रूढी होती. ‘अल्स्टर रूढी’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या प्रघातानुसार खंड नियमित भरणाऱ्या कुळाला सहसा काढले जात नसे आणि जमीन सोडताना त्याला आपला कूळहक्क नव्या कुळास विकता येई. या विक्रीच्या किंमतीत सुधारणांचे मोल अंतर्भूत असे. तथापि मालकाने खंड फार वाढविल्यास या हक्काची किंमत तेवढ्याच प्रमाणात घटे. म्हणजे कुळाचे भांडवल मालकाच्या खिशात जाई. त्यामुळे खंडावर नियंत्रण नसेल, तर विक्रीचा हक्क पोकळ ठरतो, हे स्पष्ट झाले.

सुधारणेचे प्रयत्न : विल्यम शार्मन क्रॉफर्ड यांनी १८३५ पासून संसदेत कूळहक्काची विधेयके मांडली. डेव्हन आयोगाने (१८४३–४५) सुधारणांची भरपाई देण्याची शिफारस केली; परंतु १८४५ चे तत्संबंधीचे विधेयक संमत होऊ शकले नाही. त्याच वर्षी बटाट्याच्या पिकावरील रोगामुळे महादुष्काळ सुरू झाला. दुष्काळानंतर १८५० मध्ये चार्ल्स गॅव्हन डफी, फ्रेडरिक ल्यूकस इत्यादींनी कूळहक्क संघ स्थापन केला. न्याय्य खंड, वहिवाटीची शाश्वती व हक्कविक्रीचे स्वातंत्र्य या त्यांच्या मागण्या पुढे ‘तीन एफ’ म्हणून प्रसिद्धी पावल्या.

मालकांची बाजूही विचारात घेणे आवश्यक आहे. काही मालकांनी १८४७ च्या अधिनियमानुसार सरकारी कर्ज घेऊन निचऱ्याची कामे केली. हे कर्ज दरसाल ६·५ टक्के हप्त्याने २२ वर्षांत फेडावयाचे असे. त्याचा भार ते वाढीव खंडाच्या रूपाने कुळांवर टाकीत. अशी वाढ तत्त्वतः समर्थनीय होती. परंतु सुधारणा कोणी केली याची नोंदच बहुधा नसल्याने न्याय्य व अन्याय्य वाढ यांतील सीमारेषा पुसट होई. १८६० च्या अधिनियमांनी हा संबंध निव्वळ कराराचा मानला आणि भरपाई मालकाच्या संमतीवर अवलंबून ठेवली. त्यामुळे त्यांचा कुळांना विशेष उपयोग झाला नाही.

ग्लॅडस्टन यांचे अधिनियम : मध्य प्रांताचे चीफ कमिशनर राहिलेले (१८६७–६८) जॉर्ज कॅम्बेल यांनी १८६९ मध्ये आयर्लंडचा दौरा करून एक ग्रंथ लिहिला. भारतातील रयतेच्या रूढ हक्कांशी आयरिश कुळांच्या स्थितीची त्यांनी केलेली तुलना पंतप्रधान ग्लॅडस्टन यांच्या विचारावर प्रभाव पाडणारी ठरली. १८७० च्या अधिनियमाने अल्स्टर रूढीला कायद्याचे बळ दिले, तसेच जमीन सोडणाऱ्या कुळाला सुधारणांची भरपाई देऊ केली. सुधारणा कुळानेच केल्या, असे काही अपवाद वगळता गृहीत धरले जाऊ लागले. पण ही भरपाई जमीन सोडल्यावरच मिळे. जमिनीवर राहू इच्छिणाऱ्याला खंडवाढीपासून संरक्षण नव्हते.

१८७९ च्या मंदीत व नापिकीत मायकेल डॅव्हिट आणि चार्ल्स स्ट्यूअर्ट पार्नेल यांच्या नेतृत्वाखाली भूमिसंघ (लँड लीग) उभा राहिला. बेसबरो आयोगाने तीन मागण्यांना अनुकूल अहवाल दिला आणि १८८१ च्या अधिनियमाने भूमी आयोग स्थापून १५ वर्षांसाठी खंड ठरविण्याची न्यायिक व्यवस्था निर्माण केली. त्यातील टिमथी हीली यांच्या दुरुस्तीने कुळाने वा त्याच्या पूर्वाधिकाऱ्याने केलेल्या सुधारणांवर खंड आकारण्यास मनाई केली. मात्र ‘ॲडम्स विरुद्ध डन्सिथ’ या दाव्यात (१८८२) अपील न्यायालयाने तिचा अर्थ संकुचित केला : चर खणल्याने वाढलेले उत्पन्न केवळ श्रमाचे नसून जमिनीच्या अंगभूत क्षमतेचेही असते आणि त्या क्षमतेवर मालकाचा हक्क राहतो, असे त्याचे तात्पर्य होते. पहिल्या फेरीत न्यायिक खंड सरासरी सु. २० टक्क्यांनी घटले.

मूल्यमापन : बार्बरा सोलो (१९७१), डब्ल्यू. ई. व्हॉन (१९९४) इ. अभ्यासकांनी दुष्काळोत्तर काळातील खंडवाढ शेतमालाच्या मूल्यवाढीपेक्षा कमी होती, असे दाखवून जुन्या चित्रात महत्त्वाची दुरुस्ती केली. तथापि सरासरी खंड माफक असला, तरी विशिष्ट कुळाची असुरक्षितता त्याने नाहीशी होत नाही. सुधारणेचे श्रेय मोजून विभागणे अखेर न्यायालयांनाही अवघड गेले आणि हा वाद कुळालाच मालक केल्याने मिटला. १८८५ व १९०३ च्या खरेदी अधिनियमांनी ही प्रक्रिया पुढे नेली आणि स्वतंत्र आयरिश राज्याच्या १९२३ च्या अधिनियमाने तिला सक्तीचे रूप दिले. भूमी आयोग १९९९ मध्ये विसर्जित झाला.

हेच तत्त्व महाराष्ट्रात जमीन महसुलाच्या संदर्भात आढळते. मुंबई इलाख्यातील १८६५ चा पाहणी व जमाबंदी अधिनियम आणि १८७९ ची जमीन महसूल संहिता यांनुसार खातेदाराने चालू जमाबंदीच्या काळात स्वखर्चाने केलेल्या सुधारणांच्या आधारे फेरआकारणी करावयाची नव्हती. तेथे मालकाच्या जागी शासन होते. परंतु घाम गाळणाऱ्याच्या पदरात त्याचे फळ किती पडावे, हा प्रश्न दोन्हीकडे एकच होता.