गुडगावचे अडीच एकर आणि पोलीस ठाण्याची पायरी

‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ असं आपण म्हणतो खरं. पण जमिनीचं भांडण पेटलं की आपला शहाणा कोर्ट टाळून थेट पोलीस ठाण्याची पायरी चढतो. आजची गोष्ट त्याचीच. ती घडते दिल्लीला खेटून असलेल्या गुरुग्राममध्ये, म्हणजे तेव्हाच्या गुडगावात.

तिथलं वजीराबाद गाव. १९९१ साली सूरज लॅम्प नावाच्या कंपनीनं तिथली अडीच एकर जमीन घेतली. ‘घेतली’ म्हणजे कशी? खरेदीखत नाहीच. विक्रीचा करार, कुलमुखत्यारपत्र आणि मृत्युपत्र, एवढेच कागद. पुण्या-नागपूरच्या माणसाला हे अजब वाटेल, पण दिल्लीच्या आसपास ही रीतच पडली होती. डीडीएची घरं-भूखंड भाडेपट्ट्यानं दिलेले. विकायचे तर परवानगी काढा, वाढलेल्या किमतीतला वाटा सरकारला भरा. ते चुकवायला ही युक्ती निघाली. मग मुद्रांक शुल्क वाचवायला, काळा पैसा जिरवायला ती सर्रास चालू झाली.

कंपनीचं म्हणणं असं, की १९९७ मध्ये मूळ मालकांनी त्याच जमिनीचं मुखत्यारपत्र दुसऱ्याला करून दिलं आणि कंपनीचं रद्द केलं. २००१ साली कंपनीनं फौजदारी तक्रार केली. तपास हलेना, म्हणून माहिती अधिकारात अर्ज केला. हा अर्जाचा वाद चढत चढत सर्वोच्च न्यायालयात पोचला, न्या. रवींद्रन यांच्यापुढे.

हे न्यायमूर्ती या विषयात नवखे नव्हते. २००६ मध्ये इंडियन ऑइलच्या खटल्यात त्यांनीच दिवाणी भांडणाला फौजदारी रंग देण्याच्या वाढत्या खोडीवर बोट ठेवलं होतं. कारणही सांगितलं होतं: दिवाणी दाव्याला फार वेळ लागतो, अटकेची भीती घातली की समोरचा लवकर तडजोडीला येतो, हा लोकांचा समज. (समज पुरता चुकीचा आहे असं कुठल्या वकिलाला म्हणवेल?) २००९ मध्ये बिहारच्या एका जमिनीच्या खटल्यात त्यांनी आणखी बारकावा मांडला. आपली नसलेली जमीन आपली म्हणून विकली, तरी स्वतःच्याच नावानं सही केलेलं ते खरेदीखत कायद्याच्या अर्थानं ‘खोटा दस्त’ होत नाही. फसवणुकीची तक्रार फसलेल्या खरेदीदारानं करावी. तिऱ्हाइतानं मालकीसाठी दिवाणी कोर्टात जावं.

म्हणून गुडगावच्या प्रकरणात त्यांनी तक्रारीपेक्षा कागदाकडे पाहिलं, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. ११ ऑक्टोबर २०११ रोजी निकाल आला. पीठात आपले न्या. हेमंत गोखलेही होते. मुखत्यारपत्र-मृत्युपत्राच्या अशा व्यवहारानं मालकी मिळत नाही, ती नोंदणी केलेल्या खरेदीखतानंच मिळते. खऱ्या मुखत्यारपत्रांना मात्र धक्का नाही. मालकीच लटकती, म्हणून एकच जमीन दोनदा विकता येते. आणि दोनदा विकली की कोणीतरी ठाण्यात धावतोच.

हे धावणं थांबलं का? नाही. २०१३ च्या घटनापीठानं दखलपात्र गुन्ह्याचा एफआयआर नोंदवणं पोलिसांना बंधनकारक केलं. व्यापारी स्वरूपाच्या तक्रारींत आधी चौकशीची मुभा ठेवली. एप्रिल २०२५ मध्ये नोएडाच्या एका पैशांच्या वादात सरन्यायाधीश संजीव खन्ना उत्तर प्रदेश पोलिसांवर कडाडले. त्याच महिन्यात कानपूरच्या एका मालमत्ता-विक्रीच्या भांडणावर एफआयआर घेतल्याबद्दल त्याच राज्याला ५०,००० रुपये खर्च भरायला लावला.

१ जुलै २०२४ पासूनच्या नव्या संहितेत, तीन ते सात वर्षांखालील शिक्षेच्या गुन्ह्यांत उपअधीक्षकाच्या परवानगीनं १४ दिवस प्राथमिक चौकशी करता येते. जमिनीच्या भांडणात अनेकदा लावलं जाणारं कलम मात्र फसवणुकीचं, जुनं ४२०, आताचं ३१८(४). त्याची कमाल शिक्षा आहे बरोबर सात वर्षं.