संदर्भ मर्यादा (रक्ततपासणी)

संदर्भ मर्यादा म्हणजे रक्त, लघवी इत्यादींच्या तपासणी अहवालात रुग्णाच्या आकड्याशेजारी छापलेली किमान व कमाल मूल्ये होत. व्यवहारात त्यांना 'नॉर्मल' म्हणतात. हा शब्द मात्र काहीसा फसवा आहे.

मर्यादेचा अर्थ

निरोगी व्यक्तींच्या मोठ्या गटाची तपासणी केल्यावर मधल्या ९५ टक्के व्यक्तींची मूल्ये ज्या टप्प्यात येतात, तो टप्पा सामान्य मानला जातो. म्हणजेच १०० निरोगी व्यक्तींपैकी सुमारे ५ जणांचा आकडा मर्यादेबाहेर असतोच. परस्परांशी संबंध नसलेल्या २० चाचण्या एकदम केल्यास धडधाकट माणसाच्या अहवालातही एखादा आकडा ठळक छापून येण्याची शक्यता ६० टक्क्यांहून अधिक असते. यंत्र व पद्धत बदलली की मर्यादाही थोडी बदलते. त्यामुळे आकड्याची तुलना त्याच कागदावरील मर्यादेशी करणे योग्य ठरते.

हिमोग्लोबिन

काही चाचण्यांत बहुसंख्यांचे मूल्य प्रमाण मानता येत नाही. हिमोग्लोबिन हे त्याचे ठळक उदाहरण. जागतिक आरोग्य संघटनेच्या निकषानुसार दर डेसिलिटर रक्तात प्रौढ पुरुषांत १३, स्त्रियांत १२ व गर्भारपणाच्या पहिल्या तिमाहीत ११ ग्रॅमपेक्षा कमी हिमोग्लोबिन असल्यास रक्तक्षय समजतात. पाचव्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात (२०१९-२१) महाराष्ट्रातील १५ ते ४९ वयोगटातील ५४ टक्के स्त्रियांना रक्तक्षय आढळला. अशा ठिकाणी 'बायकांचे एवढेच असते' हे म्हणणे प्रचलित असले तरी बरोबर नाही. थकवा व धाप यांमागे बहुधा लोहाची कमतरता असते आणि ती उपचाराने भरून निघते.

जालना जिल्ह्यातून अनेक कुटुंबे दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीसाठी परजिल्ह्यांत जातात व उन्हाळ्याच्या तोंडावर परततात. गर्भवतीची पहिली तपासणी गावाजवळच्या आरोग्य केंद्रात आणि पुढची कारखान्याच्या परिसरात होते. दोन्ही नोंदी माता व बाल संरक्षण कार्डावर असतील तरच ९.५ हा आकडा ८ वरून चढलेला आहे की ११ वरून घसरलेला, हे डॉक्टरांना कळते. शासकीय आरोग्य केंद्रांत व रुग्णालयांत ही तपासणी विनामूल्य होते.

साखर व पेशी

उपाशीपोटी (किमान ८ तास) रक्तशर्करा १०० मिलिग्रॅमपेक्षा कमी असावी. १२६ किंवा अधिक आढळल्यास मधुमेहाची शक्यता असते. लक्षणे नसल्यास निदानासाठी तपासणी पुन्हा करतात. चहा घेऊन दिलेला नमुना उपाशीपोटीचा नव्हे, हे अनेकदा सांगावे लागते.

पांढऱ्या पेशी साधारणतः ४,००० ते ११,००० आणि प्लेटलेट दीड ते साडेचार लाख असतात. पावसाळ्यात डेंग्यूच्या साथीत 'पेशी कमी झाल्या' या वाक्याने घरोघरी घबराट पसरते. प्रत्यक्षात रक्तस्राव नसेल तर प्लेटलेट लाखाच्या खाली आल्या एवढ्यावरून त्या बाहेरून चढवत नाहीत. पोटात तीव्र वेदना, सततच्या उलट्या, हिरड्यांतून रक्त किंवा ग्लानी ही लक्षणे त्या आकड्याहून अधिक तातडीची समजली जातात.