चित्रामागील नाव



चरख्यामागे बसून कात्रणे वाचीत असलेल्या महात्मा गांधींचे चित्र ज्याने पाहिले नाही, असा मनुष्य आपल्या नारायणगडाच्या पंचक्रोशीत क्वचितच आढळेल. तथापि ते कोणी घेतले, असे विचारल्यास बहुतेक मंडळी निरुत्तर होतात. ते घेणाऱ्या मार्गारेट बर्क-व्हाइट या अमेरिकन बाईंचा अल्प परिचय येथे करून देण्याचे आम्ही योजिले आहे.

बाईंचा जन्म १४ जून १९०४ रोजी न्यूयॉर्क येथे झाला. वडील छपाईयंत्रांचे अभियंते असल्याने यंत्रांची ओढ त्यांना बालपणापासूनच लागली. पोलादाच्या कारखान्यांची त्यांनी घेतलेली छायाचित्रे गाजली आणि १९२९ साली 'फॉर्च्यून' मासिकाने त्यांना पाचारण केले. १९३६ साली 'लाइफ' हे सचित्र साप्ताहिक निघाले, तेव्हा त्याच्या पहिल्याच अंकाच्या मुखपृष्ठावर बाईंनी टिपलेले फोर्ट पेक धरणाचे चित्र झळकले. दुसऱ्या महायुद्धात त्या रणभूमीवर गेल्या. १९४५ साली बुखेनवाल्ड येथील नाझी छळछावणीचे भीषण दृश्य त्यांनी जगापुढे ठेविले.

१९४६ साली त्या हिंदुस्थानात आल्या. आपला बीड जिल्हा त्या काळी निजामाच्या राज्यात होता. त्याच वर्षी त्यांनी मुंबईत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची छायाचित्रे घेतली, आणि पुण्यात गांधीजींची. पुण्यातील हकीकत मोठी बोधप्रद आहे. महात्माजींच्या चिटणिसांनी बाईंना प्रथम विचारले, "सूत कातता येते काय?" येत नाही म्हणताच, चरखा शिकल्यावाचून चरखा चालविणाऱ्याचे चित्र घेता येणार नाही, असे त्यांना सांगण्यात आले. जगप्रसिद्ध बाई निमूटपणे कातावयास बसल्या! सूत वारंवार तुटे. आपली बोटे किती अनाडी आहेत हे त्यांस तेव्हाच कळले. पुढे आत प्रवेश मिळाला तो मौनाच्या दिवशी, आणि तोही अवघे तीन झगझगीत दिवे वापरण्याच्या अटीवर. पहिले दोन फुकट गेले. तिसऱ्याने काम साधले.

१९४७ साली फाळणीमुळे निर्वासितांचे तांडेच्या तांडे पंजाबातून चालू लागले, त्यांचेही दर्शन बाईंनी जगाला घडविले. ३० जानेवारी १९४८ रोजी, हत्येपूर्वी काही तासच आधी, त्यांनी गांधीजींची मुलाखत घेतली होती. पुढे कंपवाताने त्यांचे हात थरथरू लागले; तरीही १९६३ साली त्यांनी आत्मचरित्र प्रसिद्ध केले. २७ ऑगस्ट १९७१ रोजी त्या निवर्तल्या.

एवढ्या थोर चित्रकर्तीचे नावही चित्रापासून सुटून जाते, मग आपल्या घरांतील चित्रांची काय कथा? लग्नाच्या मांडवातील, गडावरील आषाढीच्या गर्दीतील, शेतातील वा दुकानातील जुनी छायाचित्रे अनेक कुटुंबांत पेटीच्या तळाशी पडून आहेत. त्यांतील चेहरे ओळखणारी वडीलधारी मंडळी वर्षागणिक कमी होत आहेत. ती गेली की चेहरा उरतो, मनुष्य मात्र हरवतो. आमची प्रत्येक सभासद कुटुंबास विनंती आहे की, या दिवाळीत ती पेटी उघडावी. आजी-आजोबांस जवळ बसवावे. आणि प्रत्येक चित्राच्या पाठीवर मऊ पेन्सिलीने व्यक्तींची नावे, गाव, साल, तसेच ते चित्र कोणी घेतले, हेही लिहून ठेवावे. ज्ञातीचा इतिहास लिहिण्यास याहून उत्तम प्रारंभ आम्हांस दिसत नाही.